आधी पापड, मग डायलॉग

सिनेमाच्या पडद्यावर सिंधी बाई आली, की तिनं तोंड उघडायच्या आत तुम्ही का हसता?

खरंच विचारतेय. हा प्रश्न मुळात माझा नाही, माझ्या आजीचा आहे, आणि तिनं तो भर थिएटरात, अंधारात, मोठ्यानं विचारला होता. ती हकिकत ओघात येईलच. आधी मी कोण आणि माझा धंदा काय, ते सांगते.

मी पूनम. लोकांना हसवणं हा माझा पोटाचा धंदा. जन्म मुलुंड कॉलनीतला, फाळणीनंतर निर्वासितांना राहायला दिलेल्या लष्करी बराकीतला. माझे बाबाही तिथलेच जन्मलेले. आजी, म्हणजे आमची अम्मा, लहानपणी आईचा पदर धरून कराचीहून बोटीनं आली. एका लांबलचक बराकीत कितीतरी कुटुंबं, आणि दोन घरांच्या मध्ये भिंत म्हणून गोणपाट. माझ्या वेळेपर्यंत गोणपाटाच्या जागी विटा आल्या होत्या. आता विटांच्या जागी टॉवर आलाय आणि आम्ही त्याच्या नवव्या मजल्यावर राहतो. तरी पत्ता सांगताना अम्मा अजून 'कँप'च म्हणते.

घराजवळची शाळा मराठी, म्हणून मी मराठी. बाबा एलबीएस मार्गावरच्या एका कारखान्यात लेथवर होते आणि युनियनचे कट्टर. त्यामुळे आमच्याकडे गोष्टीच्या पुस्तकांऐवजी पत्रकांचे गठ्ठे यायचे. बाकीच्या मुली परीची गोष्ट वाचत मोठ्या झाल्या; मी 'बंधू-भगिनींनो, फसू नका!' वाचत मोठी झाले. अजूनही मी चिडले की माझी वाक्यं पत्रकासारखी होतात. ह्या लेखातही होतील. सांभाळून घ्या. किंवा नका घेऊ.

माझा पहिला कार्यक्रम कारखान्याच्या गेटवर झाला. बाबांचा घसा बसला होता, तेव्हा पत्रक वाचायला मला स्टुलावर उभं केलं. वाचता वाचता मॅनेजरचं एक वाक्य आलं, आणि माझ्याकडून ते मॅनेजरच्याच आवाजात वाचलं गेलं, नाकातून. सगळं गेट खदखदून हसलं. वॉचमनसुद्धा! मग पुढचं प्रत्येक वाक्य लोकांनी कान देऊन ऐकलं. मला त्या दिवशी कळलं, हसणारा माणूस ऐकत असतो. त्या कारखान्याच्या जागी आज मॉल आहे. तिथून जाताना मला अजून वाटतं, इथे माझं स्टेज होतं.

स्टँडअप म्हणजे काय, ते ज्यांनी पाहिलं नाही त्यांच्यासाठी सांगते. हातात माईक, मागे भिंत, समोर माणसं. गाणं नाही, नाटक नाही, सोबत कुणी नाही. नवखा माणूस 'ओपन माईक'ला जातो. अंधेरीत एखाद्या कॅफेच्या माळ्यावर आमच्यासारखे दहा-पंधरा जण जमतात, प्रत्येकाला चार-पाच मिनिटं मिळतात. वेळ संपत आली की मागून मोबाईलचा टॉर्च चमकतो. समोर बसलेलेही बहुतेक कॉमेडियनच, आपापल्या नंबराची वाट बघणारे, त्यामुळे हसायला चिक्कू. तिथे जो विनोद चालला तो सगळीकडे चालतो. आम्ही सगळं फोनवर रेकॉर्ड करतो आणि घरी जाताना ऐकतो. विनोद नाही ऐकत. विनोदानंतरचा आवाज ऐकतो. हशा किती आला, कुठे आला, कुठे यायला हवा होता आणि आला नाही. आपण थांबायचं किती, हे हशा शिकवतो. वाक्य टाकायचं, थांबायचं, लाट येऊ द्यायची, ती ओसरायला लागली की पुढचं वाक्य. आमच्या धंद्यातलं निम्मं कौशल्य त्या थांबण्यात आहे. हे लक्षात ठेवा, पुढे ह्याच कौशल्यानं माझी वाट लावली.

गिऱ्हाइकं नाना तऱ्हेची. बोरिवलीच्या एका सोसायटीनं कोजागिरीला बोलावलं होतं. गच्चीवर दूध आटतंय, मी माझा सेट, म्हणजे ठरवलेल्या विनोदांची माळ, म्हणतेय, तेवढ्यात पहिल्या रांगेतले सेक्रेटरी म्हणाले, "मॅडम, ते राहू द्या. तुम्ही सिंधी ना? मग ते 'वडी साईं' करा ना!"

'वडी साईं' हे सिनेमातल्या सिंध्याचं ठरलेलं वाक्य. बोलायचंही ठरलेल्या सुरात. आमच्या घरात त्या सुरात बोललेलं मी कुणाला ऐकलं नाही.

मी विचारलं, "काका, तुम्ही कुठले?"

"सावंतवाडी."

"मग तुम्ही सोसायटीच्या मीटिंगमध्ये प्रत्येक वाक्याला 'अरे मेल्या' म्हणता का?"

मागून त्यांच्या बायकोचा आवाज आला, "म्हणतत! घरातपण म्हणतत!"

गच्ची अशी हसली की दुधावर लक्ष ठेवणारा माणूस इकडे बघायला आला आणि दूध उतू गेलं. काकाही हसले. पण त्या सोसायटीनं मला पुन्हा बोलावलं नाही. दूध उतू गेलं म्हणून की काकांना लागलं म्हणून, देव जाणे. मला मात्र अजून रुखरुख आहे. मसाला दूध प्यायचं राहिलं.

माझ्या सेटमधला सगळ्यात चालणारा भाग अम्माचा. आमच्यात पाहुणा दारात आला की आधी पापड आणि पाणी. चहा-बिहा, चौकश्या, सगळं नंतर. अम्मा सांगते, कँपात रोज कुणीतरी नवं दारात उभं राहायचं. दूध-साखर कुठली असायला? पापड घरात लाटलेला असायचा आणि पाणी रांग लावून का होईना मिळायचं. आलेल्या प्रत्येकाकडे आपापली गोष्ट होती, आणि ती एकदा सुरू झाली की तो जेवायचा नाही आणि ऐकणाराही जेवायचा नाही. म्हणून अम्माच्या आईचा नियम होता, आधी खा, मग सांग. मी स्टेजवर त्याचं वाक्य केलं होतं, 'आधी पाणी, मग फाळणी!' लोक हसायचे आणि मग एकदम गप्प व्हायचे. ते गप्प होणं मला हशापेक्षा आवडायचं.

ह्याच तुकड्याचा व्हिडिओ बघून सिनेमावाल्यांचे फोन यायला लागले. वर्सोव्याच्या गल्लीबोळांत एका खोलीत कॅमेरा लावलेला असतो. त्याच्यासमोर नाव सांगायचं, उंची सांगायची, डावीकडे वळायचं, उजवीकडे वळायचं आणि मग दोन पानं म्हणून दाखवायची. मला सगळीकडे एकच भूमिका, सिंधी आंटी. आणि गंमत अशी, की त्यात मी नापास! एकानं तोंडावर सांगितलं, "यार, तुझा लूक सिंधी नाही वाटत." मी म्हटलं, "अरे, आई सिंधी, बाप सिंधी." तो म्हणाला, "हां, पण वाटत नाही ना."

शेवटी एक मराठी सिनेमा मिळाला. दिग्दर्शक संकेत, माझ्याच वयाचा, बोरिवलीचा, हुशार पोरगा. घाटकोपरची एक जुनी बिल्डिंग, बिल्डर, भाडेकरू आणि त्यांचा लढा, अशी कथा. पत्रकांवर वाढलेल्या मुलीला आणखी काय हवं! नायक म्हणजे रंगभूमीवरचे एक ज्येष्ठ नट. सेटवर सगळे त्यांना दादा म्हणायचे. मी त्यांची शेजारीण. काम दोन दिवसांचं, पण सिनेमातलं पहिलं. अम्मानं टॉवरच्या लिफ्टमध्ये भेटेल त्याला सांगून टाकलं, "माझी पूनम पिक्चरमध्ये." कुरिअरवाल्यालाही सांगितलं.

मरोळच्या इंडस्ट्रियल इस्टेटमध्ये एका गोदामात बिल्डिंगचा जिना आणि दोन दारं उभी केली होती. पहिल्या दिवशी मी पहिलं वाक्य टाकलं आणि थांबले. सवयीनं. लाट यायची वाट बघत. गोदामात साठ माणसं आणि टाचणी पडली तरी ऐकू येईल अशी शांतता! सेटवर हसणं हा गुन्हा असतो, कारण हशा माईकमध्ये जातो आणि टेक फुकट जातो. हे मला माहीत होतं. पण माहीत असणं वेगळं आणि अंगात मुरलेलं वेगळं.

"कट! पूनम, का थांबलीस?"

"चुकून."

पुन्हा टेक, पुन्हा थांबले. वर माझी नजर दादांना सोडून लाईट धरलेल्या माणसांकडे गेली. म्हटलं कुणी तरी दात दाखवेल!

"कट! अगं, कुणाची वाट बघतेयस?"

"हशाची," मी म्हटलं. खरं सांगून टाकलं.

संकेत शेजारी येऊन हळू आवाजात म्हणाला, "हे बघ, तुझा हशा येणार. पण वर्षभरानं. मुलुंडच्या नाहीतर मालेगावच्या थिएटरात. इथे नाही येणार. तू थांबलीस की मला फक्त भोक दिसतं."

भोक! माझ्या सगळ्यात मोठ्या कलेला त्यानं भोक म्हटलं. संध्याकाळपर्यंत कसंबसं निभावलं. कोपऱ्यात प्रॉडक्शनचा माणूस फोनवर एका नावाजलेल्या 'सिंधी आंटी'च्या उद्याच्या तारखा विचारत होता. मुद्दाम मला ऐकू जाईल असा.

निघताना दुसऱ्या दिवसाच्या सीनचं पान हातात आलं. माझा मुख्य सीन. दादा धापा टाकत जिना चढून येतात, "भाभी, घात झाला! बिल्डरनं निम्म्या बिल्डिंगच्या सह्या घेतल्या! आपण रस्त्यावर येणार!" आणि मी दार अर्धं उघडून म्हणते, "बसा म्हटलं असतं, पण मग चहा द्यावा लागेल."

घरी गेल्यावर अम्माला पान वाचून दाखवलं. मला वाटलं ती चिडेल. ती विचारात पडली. मग तिनं विचारलं, "तो माणूस जिना चढून धावत आला ना, पुट, बाळा? मग त्याला पाणी कोणी दिलं?"

"कुणीच नाही, अम्मा. तिथेच तर विनोद आहे."

"कोणाला?" ती म्हणाली.

सकाळी संकेतला गाठलं. "हे वाक्य मी म्हणणार नाही."

"अगं, साधा जोक आहे!"

"साधा नाही, खोटा आहे. ज्या बाईच्या माणसांनी फाळणीत घर गमावलंय, तिच्या दारात दुसरा माणूस 'माझं घर जाणार' म्हणत उभा आहे, आणि ती चहा वाचवते? तुझा सगळा सिनेमा घर जाण्यावर आहे ना? मग बिल्डिंगमध्ये ह्याचा अर्थ कळणारी एकच बाई आहे, आणि तिलाच तू दारातून हाकलतोस!"

सांगितलं होतं ना, चिडले की पत्रक होतं.

तो वैतागला. "बरं, पापड-पाणी देऊ. छान. संस्कृती. पण हसू कुठाय? इथे मला हसू पाहिजेच. ह्यानंतर इंटरव्हलपर्यंत सगळं रडगाणं आहे."

"हसू मी देते. एक टेक दे. नाही जमलं, तर मी घरी जाते. तुझी ती दुसरी आंटी बोलाव."

म्हणून तर बसले. लिफ्टमधल्या सगळ्या माणसांचे चेहरे डोळ्यांसमोर आले. माझं म्हणणं एवढंच होतं. पापड द्यायचा, आणि खाल्ल्याशिवाय बोलू द्यायचं नाही. दादांनी आपलं भलंमोठं, काळीज फाडणारं वाक्य पापड चावत म्हणायचं.

दादांना सांगितलं. ते म्हणाले, "म्हणजे माझ्या डायलॉगची माती."

"हो, दादा."

"मग करू या की!"

अडला तो साउंडवाला. बस्त्यावकाका, मरोळच्या गावठाणातले, कानाला हेडफोन लावूनच जन्मल्यासारखे. "पापड? माझ्या माईकसमोर? पूनम, तुला काय मी आवडत नाय का?"

"काका, एकच टेक."

"अगो, इथे दर थोड्या वेळानं डोक्यावरनं विमान जातं, ते मी चालवून घेतो. विमान निघून तरी जातं. पापड त्याच्या तोंडातच राहणार! एक शब्द कळायचा नाय."

"शब्द कळू नयेत म्हणूनच तर!"

ते पुटपुटत माईक लावायला गेले.

आर्ट डिपार्टमेंटनं बशीत मांडलेला पापड सादळलेला होता. पण आमच्याकडे रसद होती. अम्मा! माझा फोन गेल्यावर बाबा तिला रिक्षानं घेऊन आले होते, मांडीवर पापडाचा स्टीलचा डबा. चहाच्या शेगडीवर ती एकेक पापड भाजायची आणि गरम असतानाच पुढे द्यायची. मग मॉनिटरमागे प्लास्टिकच्या खुर्चीत बसायची. असिस्टंटनं तिला तीनदा बजावलं, "आजी, 'अ‍ॅक्शन' म्हटलं की एक शब्द नाही हां." सगळ्यांना धास्ती तिचीच होती.

विमान गेलं. शांतता. अ‍ॅक्शन.

दादा धापा टाकत आले. "भाभी, घात झाला..." मी त्यांच्या एका हातात पाण्याचा ग्लास दिला, दुसऱ्या हातात पापड. "आधी खा."

"अहो, बिल्डरनं..."

"खा."

त्यांनी घाईघाईनं मोठा घास तोडला. कर्रर्र! त्या शांत गोदामात तो आवाज कौलं फुटल्यासारखा घुमला. "निम्म्या बिल्डिंगच्या..." कुर्रम. "...सह्या..." कर्र. "...आपण रस्त्यावर..." कुर्रम कुर्रम. मी काहीच केलं नाही. थांबले. कालपर्यंत ज्याला भोक म्हणत होते, तेच माझं थांबणं. पण आज ते रिकामं नव्हतं. जिथे हशा यायचा, तिथे पापड वाजत होता. दादांना आवाज आवरता येईना. हळूच चावायला गेले तर जास्तच वाजला. तेव्हा मी माझं वाक्य टाकलं, "सावकाश. घर गेलं तरी पापड मिळतो. मला माहीत आहे."

आणि कुणी तरी फुटलं!

खो खो हसत होतं. अख्खं गोदाम दचकलं. सगळ्यांनी अम्माकडे पाहिलं. अम्मा तोंडावर पदर धरून अगदी गप्प होती. हसत होते बस्त्यावकाका! त्यांच्या हेडफोनमध्ये ती कुरकुर इतकी मोठी वाजत होती, की ते पोट धरून खुर्चीवरून खाली सरकले होते.

"कट! काका, तुम्ही?" संकेत ओरडला. "तुम्ही टेक खराब केलात?"

"काय करू रे, माझ्या कानात बिल्डिंग पडत होती!"

आणि मग सगळेच हसले. लाईटवाले, मेकअपवाले, तो तारखा विचारणारा प्रॉडक्शनवाला. वर्षभरानं यायचा तो हशा त्या दिवशी दहा सेकंदांत आला. इतक्या आनंदानं माझं कुठलंच काम फुकट गेलं नव्हतं.

संकेतनं माझ्याकडे न बघता असिस्टंटला सांगितलं, "चहाचं वाक्य काढ."

नंतरचे टेक सगळ्यांनी तोंडात रुमाल कोंबून पार पाडले. सिनेमात प्रत्येक टेकला पापड तेवढाच मोठा आणि घास त्याच जागी तोडलेला हवा, म्हणून अम्मा भाजत राहिली आणि दादा खात राहिले. पॅकअपनंतर त्यांनी अम्माला वाकून नमस्कार केला. "आजी, कसं झालं काम?"

अम्मा म्हणाली, "चांगलं. पण पाणी अर्धंच प्यायलास."

सिनेमा लागला तेव्हा आम्ही मुलुंडच्याच थिएटरात गेलो. अम्मा मधे, मी आणि बाबा दोन बाजूंना. माझी एंट्री आली. फक्त दार उघडलं. सलवार-कमीज, डोक्यावर ओढणी. अजून एक शब्द नाही. आणि थिएटर हसलं. ठरलेलं हसू, आधीपासून तयार ठेवलेलं. तेव्हा अम्मानं मोठ्यानं विचारलं, "अजून काही बोललीच नाही. हे का हसतात?"

पुढच्या रांगेतल्या दोन-चार माना वळल्या. मी तिचा हात धरून बसले. मग दादा जिना चढून आले. आधी खा. कर्रर्र! आणि हशा आला, खरा, पोटातून आलेला, दोन वेळा, तीन वेळा. आणि 'मला माहीत आहे'नंतर एकदम शांतता. मला आवडते तशी. त्या अंधारात मी दोन्ही हसणी ऐकली. दोन्ही माझाच चेहरा बघून आलेली. पहिलं हसू दार लावून घेणारं होतं, दुसरं दारातून आत येणारं.

आता माझी मागणी. पत्रकावर वाढलेली मुलगी मागणी केल्याशिवाय थांबत नाही. तुमच्या दारात उद्या कुणी येईल. नवा भाडेकरू असेल, सामान पोचवणारा असेल, वेगळ्याच भाषेत पत्ता विचारणारी बाई असेल. 'तुम्ही कुठले?' हा प्रश्न तोंडात येईल, आणि उत्तराआधीचं ते ठरलेलं हसूही. दोन्ही जरा थोपवा. आधी पाणी द्या, पूर्ण ग्लास. घरात पापड असेल तर भाजा. आणि तो बोलायला लागला की मधे बोलू नका, थांबा.

कुरकुर झाली तर होऊ द्या.